हिशेब मागण्याआधी पैसा कुणाचा ते पाहा

कोलकात्यातल्या खिदिरपूरच्या चौकातून कोणत्याही दिशेला दोनेक किलोमीटर चाला, सरकारी पैशाचा मालक वाटेत अनेकदा बदलतो. पश्चिमेची गोदी आणि तिच्यावरचा उघडझाप होणारा बास्क्युल पूल बंदराचा, म्हणजे केंद्राच्या अखत्यारीतल्या श्यामाप्रसाद मुखर्जी पोर्टचा; ही गोदी १८९२ पासून चालू आहे. आतल्या गल्ल्या, गटारे, दिवाबत्ती आणि कचरा कोलकाता महापालिकेच्या बरो ९ या विभागाकडे. विद्यासागर सेतूचे चढउताराचे रस्ते हुगळी रिव्हर ब्रिज कमिशनर्सचे. डायमंड हार्बर रोडने मोमिनपूर ओलांडले की लागणारा माझेरहाटचा पूल राज्याच्या सार्वजनिक बांधकाम खात्याचा. जमिनीखाली मेट्रोचा बोगदा खणला जातो आहे, त्याचे यंत्र २०२५च्या जुलैमध्ये खिदिरपूरहूनच निघाले. ते काम रेल विकास निगमचे. आणि कडेने वाहणारी आदिगंगा, जिला सगळे टॉलीचा नाला म्हणतात, तिच्या शुद्धीकरणाला नमामि गंगे योजनेतून सुमारे साडेसहाशे कोटी रुपये मंजूर झालेले आहेत.

रस्ता खचला किंवा पावसात घरात पाणी शिरले की आपल्या तोंडी पहिले वाक्य येते, ‘सरकार काय करतंय?’ ही तक्रार रास्त आहे, पण ती कुणाच्याच टेबलावर जाऊन पडत नाही. महापालिका म्हणते रस्ता बंदराचा, बंदर म्हणते खोदाई मेट्रोची, मेट्रोवाले म्हणतात पाण्याची वाहिनी महापालिकेची. नोकरी-धंद्यानिमित्त कोलकात्यात राहणाऱ्या मराठी माणसाला हे आणखी जड जाते, कारण इथली खाती, त्यांची नावे, त्यांचे रिवाज अंगवळणी पडलेले नसतात. म्हणून हा लेख. काळजी सगळ्यांनाच असते; ती कागदावर कशी उतरवायची आणि कोणत्या दारात न्यायची, एवढेच इथे सांगायचे आहे. पुण्या-मुंबईच्या, सोलापूर-नागपूरच्या वाचकांनाही यातले बरेचसे जसेच्या तसे उपयोगी पडेल.

माझेरहाटचा धडा

४ सप्टेंबर २०१८. दुपार कलती झाली होती, गाड्यांची रहदारी होती आणि माझेरहाटच्या जुन्या पुलाचा मधला भाग खाली आला. तीन माणसे गेली. त्यांतले दोघे शेजारच्या मेट्रोच्या कामावरचे मजूर होते. पुलाखालून रेल्वेचे रूळ जातात, बाजूला मेट्रोचे खांब उभे राहत होते आणि पूल राज्याच्या बांधकाम खात्याचा. त्यामुळे पहिले काही दिवस बोट कुणाकडे दाखवायचे यातच गेले. मेट्रोच्या कामाच्या हादऱ्यांचा मुद्दा निघाला. मग राज्याच्या चौकशीनंतर खुद्द मुख्यमंत्र्यांनीच बांधकाम खात्याला जबाबदारी टाळता येणार नाही असे सांगितले. पुलाची अवस्था वाईट असल्याचे खात्याला २०१६ पासून ठाऊक होते आणि दुरुस्तीची निविदा फायलींतून फिरत राहिली होती, हे त्या वेळी उघड झाले. नवा पूल ३ डिसेंबर २०२० रोजी ‘जय हिंद सेतू’ या नावाने खुला झाला, तोही रेल्वेच्या परवानग्यांवरून राज्य आणि केंद्र यांच्यात जाहीर वाद झाल्यावर. खर्च तीनशे कोटींच्या वर गेला.

मला या घटनेत सर्वांत टोचते ते हे, की २०१६ ते २०१८ या दोन वर्षांत तो धोका कागदावर होता. तपासणीचा अहवाल होता, दुरुस्तीचा प्रस्ताव होता. रोज त्या पुलावरून जाणाऱ्या हजारो माणसांपैकी एखाद्याने २०१७ मध्ये बांधकाम खात्याकडे तीन गोष्टी मागितल्या असत्या, म्हणजे शेवटच्या तपासणीची तारीख, अहवालाची प्रत आणि दुरुस्तीची निविदा आज कुणाच्या टेबलावर आहे याचे उत्तर, तर पूल वाचलाच असता असे मी म्हणणार नाही. पण दोन वर्षे गुपचूप पडून राहिलेली फाईल कुणाला तरी उत्तर द्यायच्या भीतीने हलली असती. महाडला २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री सावित्रीवरचा जुना पूल वाहून गेला, तेव्हा आपणही हाच प्रश्न विचारला होता: तपासणी कधी झाली होती आणि त्यात काय लिहिले होते? तो प्रश्न दुर्घटनेच्या आधी विचारायची सवय लावून घेतली पाहिजे.

तेव्हा पहिले काम मालक शोधण्याचे. कामाच्या जागी लावलेला फलक पाहा: काम कोणते, खाते कोणते, कंत्राटदार कोण, किंमत किती, मुदत कधीची. फलक नसेल तर त्याचा फोटो काढून ठेवा, म्हणजे फलक नसलेल्या जागेचा. तोही पुरावाच आहे. मग राज्याच्या ई-निविदा संकेतस्थळावर खात्याच्या नावाने शोधा. महापालिकेची कामे, बांधकाम खात्याची कामे तिथे सापडतात. बंदराच्या आणि रेल्वेच्या निविदा केंद्राच्या संकेतस्थळांवर असतात. निविदेचा क्रमांक हाती लागला की निम्मी लढाई झाली, कारण त्यापुढचा प्रत्येक कागद त्याच क्रमांकाच्या शेपटीला बांधलेला असतो.

काही कामांत पैसा एकाचा आणि हात दुसऱ्याचा असतो. आदिगंगेचे पाहा: पैसा केंद्राच्या गंगा मिशनचा, काम करून घेणारी महापालिका. अशा वेळी दोन्हीकडे वेगवेगळे प्रश्न विचारायचे. पैसे देणाऱ्याला विचारा, किती हप्ते दिले, कोणत्या तारखांना, आणि त्यांच्या खर्चाची उपयोगिता प्रमाणपत्रे आली का. काम करणाऱ्याला विचारा, काय बांधले, कुठे बांधले, कुणी मोजले. दोघांच्या उत्तरांत फरक पडला तर खरे काम तिथून सुरू होते.

मोजमाप पुस्तिका

सरकारी कामाच्या कागदांची एक साखळी असते. प्रशासकीय मान्यता, तांत्रिक मान्यता, अंदाजपत्रक, निविदा, कार्यादेश, मोजमाप पुस्तिका, बिल, काम पूर्ण झाल्याचा दाखला. यातले बहुतेक कागद काय व्हायला हवे ते सांगतात. काय झाले ते एकच कागद सांगतो, मोजमाप पुस्तिका. मुंबई असो की कोलकाता, कनिष्ठ अभियंता तिला ‘एमबी’च म्हणतो. तिच्यात नोंद झाल्याशिवाय कंत्राटदाराचे बिल निघत नाही. म्हणून सामान्य नागरिकाने एकच कागद मागायचा असेल तर मी हाच मागायला सांगेन.

तिचे एक पान कसे वाचायचे ते बघू. समजा तुमच्या गल्लीचे डांबरीकरण झाले. पानावर लिहिलेले असेल: लांबी २०० मीटर, रुंदी ६ मीटर, थराची जाडी ४० मिलिमीटर. गुणाकार करा, ४८ घनमीटर. दाबून बसवलेल्या डांबरी मिश्रणाचे वजन घनमीटरला साधारण २.३ टन धरले तर ११० टन माल झाला. दहा टनी ट्रकच्या अकरा खेपा. आता टेप घेऊन गल्लीत उतरा. रुंदी खरेच ६ मीटर आहे की दोन्ही बाजूंच्या गटारांमुळे साडेचारच भरते? साडेचार भरली तर बिलातला पाव माल कागदावरच राहिला. जाडी बघायला रस्ता उकरायची गरज नाही. मॅनहोलच्या झाकणाजवळ किंवा नळजोडणीसाठी पुन्हा खोदलेल्या जागी कडेला थर उघडा दिसतो, तिथे पट्टी लावून फोटो घ्या. पुस्तिकेवरची तारीखही पाहा. गल्लीत जी गाडी दिवाळीनंतर आली तिची नोंद दुर्गापूजेच्या आधीची असेल, तर ती मोजणी कुणी आणि कशाची केली, हा प्रश्न लेखी विचारता येतो. पानाच्या तळाशी मोजणाऱ्याची सही असते आणि काही नोंदी वरिष्ठाने तपासल्याची दुसरी. दुसरी सही नसेल तर तेही टिपून ठेवा.

गाळ काढण्याच्या कामात मात्र हा टेप चालत नाही. गाळ गेला की मोजायला काही उरत नाही. खिदिरपूरसारख्या सखल, पाणी तुंबणाऱ्या वस्तीत तर दरवर्षी पावसाळ्याच्या तोंडावर हेच काम निघते. इथे गाळ नेणाऱ्या गाड्यांची नोंदवही, गाडी क्रमांकासह, आणि धापाच्या डम्पिंग मैदानावरच्या वजनकाट्याच्या पावत्या मागायच्या. मुंबईत मिठी नदीच्या गाळउपशात नेमके हेच कागद संशयाच्या केंद्रस्थानी आले. मुंबई पोलिसांच्या आर्थिक गुन्हे शाखेने मे २०२५ मध्ये नोंदवलेल्या गुन्ह्यात महापालिकेचे ६५ कोटींहून अधिक नुकसान झाल्याचा आरोप आहे, आणि गाळ जिथे टाकल्याचे दाखवले त्या जमिनींच्या कागदपत्रांवर प्रश्नचिन्ह आहे. खटल्याचा निकाल लागेल तेव्हा लागेल. आपल्याला कोणता कागद मागायचा हे त्या प्रकरणाने शिकवले.

अर्ज कसा लिहायचा

माहिती अधिकाराचा केंद्रीय कायदा १२ ऑक्टोबर २००५ पासून आहे. महाराष्ट्रात त्याआधीचा राज्याचा कायदा होता, अण्णा हजारे यांच्या आंदोलनातून आलेला. त्यामुळे मराठी माणसाला हा मार्ग नवा नाही. फरक तपशिलात आहे आणि कोलकात्यात अर्ज बहुधा तपशिलातच अडकतो.

भाषा आधी. कायद्याने अर्ज इंग्रजीत, हिंदीत किंवा त्या भागाच्या राजभाषेत करता येतो. खिदिरपुरात मराठीतला अर्ज चालणार नाही. बांगला लिहिता येत नसेल तर सरळ हिंदीत लिहा. शुल्क १० रुपये. राज्य सरकारच्या कार्यालयांसाठी कोर्ट फी स्टॅम्प लावतात आणि तो खिदिरपूरहून जवळच्या अलीपूर कोर्टात मिळतो. बंदर आणि मेट्रो केंद्राचे, त्यांच्यासाठी केंद्राच्या ऑनलाइन व्यवस्थेतून घरबसल्या अर्ज आणि पैसे दोन्ही होतात. पोस्टाने पाठवायचा तर इंडियन पोस्टल ऑर्डर. केंद्राच्या नियमांत अर्ज साधारण ५०० शब्दांत बसवायचा असतो. महाराष्ट्रात मर्यादा १५० शब्दांची आणि एका अर्जात एकच विषय, हे तिथे अर्ज करणाऱ्यांनी विसरू नये. दारिद्र्यरेषेखालच्या अर्जदाराला शुल्क नाही. महापालिकेचा अर्ज एस. एन. बॅनर्जी रोडवरच्या मुख्यालयाच्या पत्त्यावर स्पीड पोस्टने पाठवा आणि पोचपावती जपून ठेवा, कारण पुढचे सगळे दिवस त्या तारखेपासून मोजले जातात.

आता मजकूर. बहुतेक अर्ज ‘का’ या शब्दाने मरतात. ‘रस्ता इतका खराब का झाला?’ याचे उत्तर अधिकाऱ्याने देणे बंधनकारक नाही. कायदा नोंदीत असलेली माहिती द्यायला सांगतो, कारणमीमांसा लिहून द्यायला सांगत नाही. म्हणून कागदाचे नाव घेऊन मागा. असे:

‘अमुक गल्लीच्या अमुक घर क्रमांकापासून अमुक चौकापर्यंतच्या रस्त्याच्या पृष्ठभागाच्या कामासंबंधी, १ एप्रिल २०२३ पासून आजपर्यंत दिलेल्या सर्व कार्यादेशांच्या, त्यांच्या अंदाजपत्रकांच्या, मोजमाप पुस्तिकेतील संबंधित पानांच्या आणि अदा केलेल्या बिलांच्या साक्षांकित प्रती द्याव्यात. या कामाचा दोष दायित्व कालावधी कोणत्या तारखेपर्यंत आहे व कंत्राटदाराची किती अनामत रक्कम खात्याकडे शिल्लक आहे, त्या नोंदीची प्रत द्यावी. ही कागदपत्रे प्रत्यक्ष पाहण्यासाठी दिवस व वेळ कळवावी.’

शेवटचे वाक्य गाळू नका. कागदाची प्रत पानाला दोन रुपयांप्रमाणे मिळते, पण फाईल समोर ठेवून पाहिली तर जे मागितलेच नव्हते तेही दिसते. केंद्राच्या नियमांप्रमाणे पाहणीचा पहिला तास फुकट, पुढच्या प्रत्येक तासाला ५ रुपये. कामाची प्रत्यक्ष पाहणी आणि वापरलेल्या साहित्याचे साक्षांकित नमुने घेण्याचा हक्कही याच कायद्याच्या व्याख्येत आहे. तो फार थोडे लोक वापरतात.

चुकीच्या दारात अर्ज गेला तरी तो वाया जात नाही. ज्याच्याकडे गेला त्याने पाच दिवसांच्या आत योग्य कार्यालयाकडे पाठवायचा असतो. खिदिरपुरात ही तरतूद सोन्यासारखी आहे: मालक खरोखरच कळत नसेल तर महापालिकेकडे अर्ज टाका, रस्ता आमचा नाही असे त्यांना लेखी कळवावे लागेल आणि कुणाचा आहे तेही सांगावे लागेल. उत्तराची मुदत ३० दिवस. माणसाच्या जीविताचा किंवा स्वातंत्र्याचा प्रश्न असेल तर ४८ तास. मोडकळीला आलेल्या पुलाच्या तपासणीचा अहवाल मागताना हा ४८ तासांचा आधार कारणासह स्पष्ट लिहावा. मुदतीत उत्तर आले नाही किंवा अर्धवट आले तर ३० दिवसांत त्याच कार्यालयातल्या वरिष्ठाकडे पहिले अपील, त्यानंतर ९० दिवसांत राज्य किंवा केंद्रीय माहिती आयोगाकडे दुसरे. आयोगाकडे वाट पाहावी लागते, कधी फार. म्हणून खरी मेहनत पहिल्या अपिलावर घ्या. तिथे अधिकाऱ्याला समोर बसून बोलावे लागते आणि पुष्कळ कागद तिथेच सुटतात. विनाकारण माहिती अडवणाऱ्या अधिकाऱ्याला आयोग दिवसाला २५० रुपये, जास्तीत जास्त २५,००० रुपये दंड करू शकतो.

नकाराची दोन उत्तरे वारंवार येतात. एक, ‘ही कंत्राटदाराची व्यावसायिक गुपिते आहेत’. काम देऊन झाल्यावर सरकारी तिजोरीतून किती पैसे कशाबद्दल दिले, हे गुपित राहत नाही, असे अपिलात ठामपणे मांडावे. दुसरे, ‘वैयक्तिक माहिती’. २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायद्याने माहिती अधिकारातली ही सूट रुंदावली आणि तो बदल नोव्हेंबर २०२५ मध्ये लागू झाला. मला तो बदल धोक्याचा वाटतो, कारण लाभार्थ्यांची यादी किंवा अधिकाऱ्याचे नावही आता त्या आडोशाला लपवता येईल. त्यावर कायद्यातच उरलेला उपाय म्हणजे कलम ८(२): लोकहित मोठे असेल तर सूट असलेली माहितीही देता येते. अपिलात ते कलम नावाने उद्धृत करा आणि लोकहित कोणते ते दोन ओळींत लिहा.

खिदिरपूरची वीज खासगी कंपनीकडे आहे आणि तिला माहिती अधिकाराचा अर्ज थेट लागू होत नाही. पण वीज नियामक आयोगाला कंपनीकडून जी माहिती कायद्याने घेता येते, ती आयोगाकडून तुम्हाला मागता येते. पाणी साचल्यावर खांबांत वीज उतरण्याच्या घटनांनंतर सुरक्षा तपासणीचे अहवाल मागायचे असतील तर वाट तीच.

आपल्या वतीने हिशेब पाहणारे

प्रत्येक नागरिकाने प्रत्येक पुस्तिका तपासायची नसते. घटनेने त्यासाठी नियंत्रक व महालेखापरीक्षक, म्हणजे कॅग, नेमलेला आहे. त्याचे अहवाल संसदेत आणि विधानसभेत मांडले जातात, त्याच्या संकेतस्थळावर फुकट वाचता येतात, आणि लोकलेखा समिती त्यांवर खात्यांची साक्ष घेते. पश्चिम बंगालमध्ये पालिका आणि पंचायतींचे लेखापरीक्षण महालेखापालांच्या हाताखालचे एक्झामिनर ऑफ लोकल अकाउंट्स करतात. महाराष्ट्रात ते बहुतांशी स्थानिक निधी लेखापरीक्षा विभाग करतो, मुंबई महापालिकेला तिचा स्वतःचा मुख्य लेखापरीक्षक आहे. तरीही २०२३च्या मार्चमध्ये विधिमंडळापुढे आलेल्या कॅगच्या विशेष अहवालाने मुंबईत काय दाखवले ते आठवा: सुमारे १२ हजार कोटींच्या तपासलेल्या खर्चात निविदा न काढता दिलेली २१४ कोटींची २० कामे होती, आणि ६४ कामांत ४,७५५ कोटींच्या कंत्राटांवर करारच झालेला नव्हता.

असा अहवाल वाचताना मथळ्यातल्या आकड्यापाशी थांबू नये. बंगालचेच उदाहरण घ्या. कॅगच्या अहवालानुसार मार्च २०२१ अखेर राज्याच्या खात्यांकडून २ लाख २९ हजार कोटी रुपयांची उपयोगिता प्रमाणपत्रे यायची बाकी होती. २०२४च्या सुरुवातीला त्यावरून मोठे राजकीय रण माजले, न्यायालयात याचिका गेली आणि मुख्यमंत्र्यांनी पंतप्रधानांना पत्र लिहून हा निष्कर्ष फेटाळला. या रकमेला चोरी म्हणणे चूक आहे आणि तिला किरकोळ म्हणणेही चूक. प्रमाणपत्र बाकी आहे याचा अर्थ पैसे ठरलेल्या कामावर खर्च झाले असे सांगणारा सहीचा कागद अजून आलेला नाही. ते पैसे नीट खर्च झालेले असू शकतात, पडून असू शकतात, भलतीकडे गेलेले असू शकतात. कागद नसताना यातले काहीच ठरवता येत नाही. म्हणून अहवालात खात्यानिहाय तक्ता शोधा, आपल्या संबंधातले खाते काढा आणि त्या खात्याला त्यानंतर किती प्रमाणपत्रे दिली हे विचारा.

उपयोगिता प्रमाणपत्र ही वस्तू गल्लीच्या पातळीवर बघायची असेल तर दुर्गापूजा मंडळांकडे पाहा. खिदिरपुरात ‘२५ पल्ली’सारख्या नामांकित पूजा आहेत. राज्य सरकारने २०१८ मध्ये मंडळांना दहा हजारांचे अनुदान सुरू केले. २०२५ मध्ये ते एक लाख दहा हजारांवर गेले. २०२० मध्ये कलकत्ता उच्च न्यायालयाने त्या वर्षीच्या अनुदानातला तीन चतुर्थांश पैसा मास्क आणि सॅनिटायझरवर खर्च करून बिले सादर करायला सांगितले, आणि २०२५ मध्ये ज्यांनी आधीच्या पैशाचा हिशेब दिला नाही त्यांना नवे अनुदान नाही अशी भूमिका घेतली. सार्वजनिक गणेशोत्सवाच्या मंडळात खजिनदारी केलेल्या कुणालाही ही शिस्त परकी नाही: मागच्या वर्षीची पावतीपुस्तके जमा केल्याशिवाय नवी मिळत नाहीत.

हिशेब न जुळल्याची शिक्षा भलत्यालाच होते, ही दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. रोजगार हमीत गैरव्यवहार झाल्याचे सांगून केंद्राने ९ मार्च २०२२ पासून बंगालचा निधी अडवला. ज्यांनी पैसे खाल्ले असतील त्यांचे काय झाले हा वेगळा प्रश्न, पण तीन वर्षांहून अधिक काळ काम आणि मजुरी गेली ती खेड्यापाड्यांतल्या मजुरांची. उच्च न्यायालयाने १८ जून २०२५ रोजी योजना १ ऑगस्टपासून पुन्हा सुरू करायचा आदेश दिला, चौकशी चालू ठेवून. सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबरमध्ये तो कायम ठेवला. आपण तक्रार लिहितो तेव्हा मागणी काय करतो याचे भान इथून घ्यावे. योजना बंद करा असे लिहू नका. दोषींकडून वसुली करा आणि लाभार्थ्यांचे पैसे थांबवू नका, असे लिहा.

याच कोलकात्यात एका मराठी माणसाने सरकारच्याच आकड्यांनी सरकारला उत्तर मागितले होते. २६ मार्च १९०२ रोजी इम्पिरिअल लेजिस्लेटिव्ह कौन्सिलात गोपाळ कृष्ण गोखले यांचे पहिले अंदाजपत्रकी भाषण झाले. तिजोरीत शिल्लक वाढते आहे म्हणून सरकार समाधानी होते. लोक दुष्काळाने पोळलेले असताना शिल्लक उरते, याचा अर्थ कर जास्त घेतला जातो, असे गोखल्यांनी सरकारी कागदांतूनच दाखवले आणि मिठावरचा कर कमी करा म्हणून वर्षानुवर्षे मागणी धरली. १९०३, १९०५ आणि १९०७ मध्ये तो कर टप्प्याटप्प्याने उतरला. या भाषणांच्या पाठीशी सोलापूरचे शिक्षक गणेश व्यंकटेश जोशी होते. सरकारी अहवाल चाळून आकडे काढून देण्याचे काम ते करत. सभागृहात बोलणारा एक आणि सोलापुरात बसून तक्ते वाचणारा दुसरा, अशी ही जोडी होती. आजही आपल्या नगरसेवकाला किंवा आमदाराला नुसते निवेदन देण्यापेक्षा मोजमाप पुस्तिकेचे पान आणि तुमच्या टेपचे माप शेजारी लावलेला एक कागद द्या. प्रश्न विचारायला त्याला सोपे जाते आणि टाळायला अवघड.

घोषणा आणि आदेश

१५ जून २०२५ ची रात्र उलटता उलटता खिदिरपूरच्या ऑर्फनगंज बाजाराला आग लागली. तेराशेच्या आसपास दुकाने जळाली. दुसऱ्या दिवशी मुख्यमंत्र्यांनी येऊन जाहीर केले: पूर्ण जळालेल्या दुकानाला एक लाख, अंशतः जळालेल्याला पन्नास हजार आणि बाजार सरकार नव्याने बांधून देईल. अशा प्रसंगी दुकानदाराला धीर लागतो आणि घोषणेने तो मिळतो. पण घोषणेच्या जोरावर कोषागारातून पैसे निघत नाहीत. पैसे निघायला खात्याचा लेखी आदेश लागतो, खर्च कोणत्या लेखाशीर्षाखाली टाकायचा ते ठरावे लागते, पाहणीची यादी लागते आणि यादीत नाव ‘पूर्ण’ या रकान्यात आहे की ‘अंशतः’ या, ते लागते.

कोणत्याही आपत्तीनंतर हे चार कागद याच क्रमाने मागावेत. आदेशाचा क्रमांक आणि तारीख. लेखाशीर्ष आणि मंजूर रक्कम. पाहणी करणाऱ्यांची नावे-हुद्दे आणि पाहणीची तारीख. आणि अंतिम यादी, वर्गवारीसह. यादी जाहीर ठिकाणी लावा अशी मागणी बाजार समितीने पहिल्याच आठवड्यात लेखी करावी. महिनाभराने कुणाचे नाव का गळले याचा छडा लावणे फार कठीण होते. ज्याचा व्यापार परवाना भावाच्या नावावर आणि वीजबिल वडिलांच्या नावावर, अशा दुकानदाराने पाहणीच्या दिवशीच तसे लिहून देऊन पोच घ्यावी. पुनर्बांधणीच्या काळात तात्पुरती जागा दिली तर ती किती दिवसांसाठी आणि नव्या बाजारात गाळा किती चौरस फुटांचा, हेही आदेशात आले पाहिजे; तोंडी आश्वासनावर जुना गाळा सोडू नये.

जपून

सरकारी पैशाचा हिशेब मागणाऱ्यांवर हल्ले झालेले आहेत. तळेगावचे सतीश शेट्टी यांचा जानेवारी २०१० मध्ये भररस्त्यात खून झाला, हे पुणे जिल्ह्यातल्या कुणाला विसरता येणार नाही. तेव्हा धाडसाबरोबर सावधपणा हवा. कायद्यानुसार माहिती का हवी हे सांगावे लागत नाही, आणि अर्जात संपर्कापुरते तपशील पुरतात. कलकत्ता उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये तर अर्जदाराने घरचा पत्ता न देता पोस्ट बॉक्स क्रमांक दिला तरी पुरे, असे सांगितले. पोस्ट बॉक्स घ्या. अर्ज नागरिक म्हणून व्यक्तीनेच करायचा असतो, म्हणून गल्लीतल्या चार-पाच जणांनी त्याच कामाचे वेगवेगळे कागद वेगवेगळ्या नावांनी मागावेत. मिळालेले कागद लगेच एकाहून अधिक जणांकडे ठेवा. कंत्राटदाराशी गल्लीत वाद घालायला जाऊ नका. त्याच्याशी बोलण्याची जबाबदारी खात्याची आहे.

आणि एक तारीख कॅलेंडरवर लाल करून ठेवा, ती दोष दायित्व कालावधी संपण्याची. कामागणिक तो वेगळा असतो, एखाद्या वर्षापासून पाच वर्षांपर्यंत, आणि करारात लिहिलेला असतो. तोवर रस्ता उखडला, गटाराचे झाकण फुटले, भिंतीला तडा गेला, तर कंत्राटदाराने स्वखर्चाने दुरुस्त करायचे असते आणि त्याची अनामत खात्याकडे अडकलेली असते. मुदत संपली की अनामत परत जाते आणि तोच खड्डा पुन्हा तुमच्या-आमच्या करातून बुजवला जातो. म्हणून मुदत संपण्याच्या दोन-तीन महिने आधी, शक्य तर पावसाळा ओसरल्यावर लगेच, गल्लीची पाहणी करा. प्रत्येक दोषाचा फोटो तारखेसह, जवळचा घर क्रमांक लिहून, आणि सोबत दोन ओळींचे पत्र कार्यकारी अभियंत्याच्या नावे: हे दोष दायित्व कालावधीतले आहेत, दुरुस्ती पूर्ण होऊन तिची मोजमाप पुस्तिकेत नोंद होईपर्यंत अनामत परत करू नये. प्रत बरोच्या कार्यालयाला आणि लेखा शाखेला. लेखा शाखेची पोच वेगळी घ्या, कारण परताव्याचा धनादेश तिथूनच निघतो.